काम झालं आणि पक्ष विरला

आमच्या मंडीदीपच्या मराठी मंडळींना १ नोव्हेंबर म्हणजे मध्य प्रदेशचा स्थापना दिन, एवढंच ठाऊक. त्याच दिवशी, १९५६ साली, नागपूरचं राजधानीपण गेलं, भोपाळ राजधानी झालं आणि विदर्भ मराठी-गुजराती अशा द्वैभाषिक मुंबई राज्यात गेला.

मराठी राज्यासाठी त्या द्वैभाषिकाशी झुंजली संयुक्त महाराष्ट्र समिती. ६ फेब्रुवारी १९५६ला पुण्यात, केशवराव जेध्यांच्या अध्यक्षतेखाली ती जन्मली. एस. एम. जोशी समाजवादी, डांगे कम्युनिस्ट, शिवाय शेतकरी कामगार पक्ष आणि शेड्यूल्ड कास्ट फेडरेशन. एरवी एकमेकांचं तोंड न पाहणारी माणसं एका मंचावर! समितीचे नेते आचार्य अत्रे यांनी तर नोव्हेंबरात 'मराठा' दैनिकच काढलं.

१९५७च्या निवडणुकीत पश्चिम महाराष्ट्रात समितीने काँग्रेसला धूळ चारली. साताऱ्यातून क्रांतिसिंह नाना पाटील, राजापुरातून नाथ पै, नाशकातून दादासाहेब गायकवाड लोकसभेत गेले. विदर्भ, मराठवाडा, गुजरातच्या बळावर सत्ता मात्र काँग्रेसचीच राहिली. पण माझ्या मते पश्चिम महाराष्ट्रातल्या त्या पराभवानेच दिल्ली हलली.

१ मे १९६०ला महाराष्ट्र झाला आणि समितीची मोट सुटली. बेळगाव-कारवार मात्र बाहेरच राहिलं. तिथे महाराष्ट्र एकीकरण समिती अजून लढते आहे.