लिलावात घर घेतले, पण मालक कोण?

वर्तमानपत्राच्या आतल्या पानावर बारीक अक्षरांत बँकेची जाहीर नोटीस असते. तारण मालमत्तेचा लिलाव, राखीव किंमत अमुक, 'जसे आहे जेथे आहे' तत्त्वावर. बाजारभावापेक्षा स्वस्त म्हणून कुणी तरी बोली लावतो, आयुष्याची पुंजी भरतो. आणि मग मूळ मालक न्यायालयात उभा राहतो, ''घर माझे आहे, पैसे आता देतो!''

हे भांडण जुने आहे. झाशी म्हटले की मराठी माणसाला राणी लक्ष्मीबाई आठवते, पण राणीनंतरच्या झाशीची एक कहाणी कर्जाची आहे. सारा रोख आणि ठरल्या मुदतीत भरायचा, पीक बुडाले की सावकाराचे दार गाठायचे. जमीन गहाण, वर चढते व्याज, मग हुकूमनामा आणि लिलाव. हे इतके वाढले की 1882 साली झाशी विभागातील कर्जबाजारी जमीनदारांसाठी इंग्रज सरकारला खास कायदा करावा लागला. विशेष न्यायाधीश सावकाराचा दावा तपासून खरे देणे किती ते ठरवू लागला. गंमत म्हणजे तटाच्या आतले शहर, ज्याचा एक दरवाजा म्हणजे आजचे ओरछा गेट, तेव्हा इंग्रजांकडे नव्हतेच! 1861 पासून ते ग्वाल्हेरच्या शिंद्यांकडे होते, ते 1886 साली ग्वाल्हेरच्या किल्ल्याच्या बदल्यात परत गेले.

त्याच 1882 सालच्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याचे कलम 60 आजही लागू आहे. पैसे फेडून गहाण सोडवण्याचा हक्क कर्जदाराला आहे, असे ते सांगते. प्रश्न एवढाच की हा हक्क कुठवर टिकतो?

नवी मुंबईचा खटला

याचे उत्तर महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणाने दिले. बाफना मोटर्स या कंपनीने युनियन बँकेकडे नवी मुंबईच्या औद्योगिक पट्ट्यातील भूखंड तारण ठेवला होता. कर्ज थकले. जून 2021 मध्ये बँकेने सुमारे 123 कोटी 83 लाखांची मागणी केली. लिलाव होत गेले, पण ग्राहक मिळेना. अखेर नवव्या खेपेला, 30 जून 2023 रोजी, सेलीर एलएलपी या संस्थेची 105 कोटी 5 लाखांची बोली स्वीकारली गेली. तिने महिन्याभरात पूर्ण रक्कम भरलीही.

आता कर्जदार जागा झाला. त्याने 129 कोटी देऊ केले. बँकेला जास्त पैसे मिळत होते, मग तिने लिलावातील खरेदीदाराकडे पाठ फिरवली. ऑगस्टमध्ये मुंबई उच्च न्यायालयानेही कर्जदाराला गहाण सोडवू दिले. ज्याने रीतसर बोली लावून सगळे पैसे भरले, तो मात्र बाहेर! बँकेचे हे वागणे न शोभणारेच म्हणावे लागेल.

सर्वोच्च न्यायालयाने 21 सप्टेंबर 2023 रोजी हा निकाल फिरवला. सरफेसी कायद्याच्या कलम 13(8) मध्ये 2016 साली दुरुस्ती झाली आहे. त्यानुसार लिलावाची नोटीस प्रसिद्ध होईपर्यंतच कर्जदाराला गहाण सोडवता येते, असे न्यायालयाने सांगितले. दुरुस्तीपूर्वी विक्री पूर्ण होईपर्यंत ही संधी असे. खरेदीदाराने मात्र आणखी 23 कोटी 95 लाख भरायचे होते. त्याची तयारी त्याने आधीच दाखवली होती.

एवढ्यानेही प्रकरण मिटले नाही. दरम्यान कर्जदाराने तोच भूखंड तिसऱ्याच्या नावे करून दिला होता. पुन्हा न्यायालय, या वेळी अवमानाची याचिका! 13 डिसेंबर 2024 रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो व्यवहारही अमान्य केला आणि खरेदीदाराला ताबा देण्यास सांगितले.

कंपन्यांजवळ वकील असतात. सामान्य कुटुंबाची मात्र झोपच उडते.

घर वाचवायचे असेल तर

कर्ज थकल्यावर बँक 60 दिवसांची नोटीस देते. ती कपाटात ठेवून देण्याची चूक बरेच जण करतात. तिच्यावर लेखी आक्षेप घेता येतो आणि बँकेला 15 दिवसांत उत्तर द्यावे लागते. बँकेने ताब्याची कारवाई केली, तर 45 दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणात जाता येते. शेतजमिनीला हा कायदा लागू नाही, हेही बऱ्याच जणांना ठाऊक नसते. मुख्य म्हणजे पैशांची जमवाजमव लिलावाची नोटीस निघण्यापूर्वीच करायला हवी. नंतर दागिने विकून पैसे आणले तरी घर हाती लागेल याची खात्री नाही.

बोली लावणाऱ्याने आधी जागेवर जाऊन पाहावे. आत कोण राहते, भाडेकरू आहे का, भावाबहिणींचा दावा चालू आहे का, सोसायटीची थकबाकी किती? 'जसे आहे जेथे आहे' याचा अर्थ ही सारी डोकेदुखी आपली. दुय्यम निबंधकाच्या कार्यालयातून तीस वर्षांचा शोध अहवाल वकिलाकडून करून घ्यावा. बोली मान्य होताच, फार तर दुसऱ्या कामाच्या दिवशी, 25 टक्के रक्कम भरावी लागते आणि उरलेली साधारण 15 दिवसांत. मुदत चुकली तर भरलेले पैसेही जातात. म्हणून कर्ज काढून बोली लावायची असेल तर ते आधी मंजूर करून घ्यावे, आणि पैसे भरल्यावर विक्री प्रमाणपत्र व प्रत्यक्ष ताबा दोन्ही मिळेपर्यंत बँकेचा पिच्छा सोडू नये.