उजेड सांठविणारे दगड

नागाच्या मस्तकावर मणी असतो आणि त्याच्या तेजानें अंधाऱ्या रात्रीं रान उजळून निघतें, ही कल्पना मराठी घरांतील बहुतेक मुलांच्या कानांवर लहानपणींच पडते. सूर्यकिरणांच्या स्पर्शानें पेट घेणारा सूर्यकांत आणि चांदण्यांत पाझरणारा चंद्रकांत हे तर संस्कृत काव्यांतले नित्याचे पाहुणे होत. अलीकडील अद्भुतकथांतूनहि उजेड पिऊन ठेवणारे व हवा तेव्हां तो परत देणारे जादूचे स्फटिक वारंवार भेटतात. या सर्वांच्या मुळाशीं माणसाची एक जुनी इच्छा आहे. धान्य कणगींत सांठवितां येतें, पाणी रांजणांत भरून ठेवतां येतें. मग दिवसाचा उजेड तेवढा रात्रीसाठीं राखून कां ठेवतां येऊं नये? तसे दगड सृष्टींत खरोखर आहेत. मात्र त्यांच्या व्यवहारांत जादू नाहीं. चोख हिशेब आहे.

इटलींतील बोलोन्या शहरीं विन्चेन्झो काशारोलो नांवाचा एक जोडे शिवणारा कारागीर राहत असे. धंदा सांभाळून तो किमयेच्याहि नादीं लागला होता. इ. स. १६०२ च्या सुमारास शहराजवळच्या पादेर्नो टेकडीवर त्याला कांहीं पांढुरके दगड सांपडले. आकाराच्या मानानें ते फारच जड होते. एवढ्या वजनाच्या दगडांत सोनें तरी असावें, निदान चांदी तरी, अशा आशेनें त्यानें ते कोळशाबरोबर भट्टींत भाजले. सोनें निघालें नाहीं. परंतु उन्हांत ठेवलेला भाजका दगड अंधारांत नेतांच विझत आलेल्या निखाऱ्यासारखा तांबूस प्रकाशूं लागला. हात लावावा तर तो थंडगार! थोड्या वेळानें प्रकाश मावळे, आणि पुनः ऊन दाखवितांच परत येई.

या दगडानें यूरोपांतील पंडितांना वेड लावलें. फोर्तुनिओ लिचेती या विद्वानानें इ. स. १६४० मध्यें त्यावर एक ग्रंथच लिहिला, आणि कोरीच्या शेजारीं चंद्राचें उरलेलें बिंब जें मंद राखी रंगाचें दिसतें, तेंहि अशाच सांठविलेल्या प्रकाशामुळें, असें प्रतिपादन केलें. गॅलिलिओ तेव्हां अंध झाला होता. तरीहि त्यानें हें मत खोडून काढलें. तो मंद उजेड पृथ्वीवरून परावर्तित होऊन चंद्रावर पडलेल्या सूर्यप्रकाशाचा आहे, हें त्याचें म्हणणेंच खरें होतें.

काशारोलोचा दगड म्हणजे बेरियम सल्फेट. भट्टींत कोळसा त्यांतील प्राणवायु ओढून घेतो आणि मागें बेरियम सल्फाइड उरतें. त्यांत तांब्याचा अत्यल्प अंश असतो, आणि प्रकाशाचें रहस्य त्या भेसळींतच आहे.

स्फटिकांतील अणु कवाईतीच्या रांगांप्रमाणें शिस्तीनें मांडलेले असतात. परंतु कोठें एखादा अणु गळालेला असतो, तर कोठें परका अणु घुसलेला असतो. निळ्या, जांभळ्या किंवा अतिनील किरणांचा आघात झाला म्हणजे एखादा इलेक्ट्रॉन आपली जागा सोडून उसळतो आणि भटकतां भटकतां अशा उणिवेच्या खड्ड्यांत अडकतो. हीच सांठवण. सभोंवारच्या उष्णतेचे बारीक धक्के त्याला पुनः बाहेर काढतात, आणि मूळ पायरीवर उतरतांना तो आपली शक्ति प्रकाशरूपानें टाकून देतो. खड्डा उथळ असेल तर ही परतफेड क्षणांत होते, खोल असेल तर तास लागतात, आणि फारच खोल असेल तर हजारों वर्षें. म्हणूनच ऊब दिलेला दगड अधिक झळकतो, परंतु लवकर रिता होतो. अगदीं निर्दोष स्फटिकांत कांहींच सांठत नाहीं. शिवाय घेतलें त्याहून अधिक कोणताहि दगड देत नाहीं. उलट कांहीं भाग वाटेंतच उष्णतेच्या रूपानें खर्चीं पडतो.

विसाव्या शतकाच्या आरंभीं लोक एका निराळ्या उजेडाला भुलले, तो या परतफेडीच्या अटीमुळेंच. जस्ताच्या सल्फाइडांत रेडियम मिसळून केलेल्या रंगाला ऊन दाखवावें लागत नसे. रेडियमचे किरणच त्या स्फटिकांना अहोरात्र डिवचीत राहत. अमेरिकेंत न्यू जर्सी प्रांतांतील ऑरेंज गांवीं इ. स. १९१७ पासून तरुण मुली घड्याळांच्या तबकड्यांवर या रंगानें आंकडे काढूं लागल्या. कुंचल्याचें टोक बारीक व्हावें म्हणून त्या तें ओठांत धरीत. प्रत्येक वेळीं थोडें रेडियम पोटांत जाई व हाडांत जाऊन बसे. कित्येकींचे जबडे कुजले आणि कित्येकींना प्राणास मुकावें लागलें. पांच जणींनीं लढविलेला खटला इ. स. १९२८ मध्यें तडजोडीनें मिटला. फुकटच्या वाटलेल्या उजेडाची किंमत कोणी भरली, हें तेव्हां जगाला कळलें.

पुढें इ. स. १९९३ मध्यें जपानच्या नेमोतो कंपनीनें स्ट्रॉन्शियम ॲल्युमिनेटाच्या स्फटिकांत युरोपियम व डिस्प्रोशियम या धातूंचे अंश घालून रात्रभर दिसेल असा रंग सिद्ध केला. त्यांत रेडियम नाहीं; तो काशारोलोच्या दगडाचाच सुधारलेला वंशज होय. घड्याळांचे कांटे तर त्यानें उजळलेच. शिवाय न्यूयॉर्क शहरानें इ. स. २००४ मध्यें उंच कचेऱ्यांच्या जिन्यांवर अशा स्वयंप्रकाशी खुणा कायद्यानें आवश्यक केल्या. वीज गेली तरी उतरणाऱ्याला पायरी दिसते.

याच गुणाचा आणखी एक उपयोग मुंबईजवळ तुर्भें येथील भाभा अणुसंशोधन केंद्रानें विकसित केला. कॅल्शियम सल्फेटांत तेंच डिस्प्रोशियम घालून केलेल्या चकत्या भारतांतील किरणोत्सर्गाशीं काम करणाऱ्या लोकांच्या छातीवरील बिल्ल्यांत बसविलेल्या असतात. इस्पितळांतील क्ष-किरण विभागांतहि त्या दिसतात. अंगावर पडलेल्या किरणांचा हिशेब चकतीच्या खोल खड्ड्यांत मुकाट्यानें जमत राहतो. ऑरेंजच्या मुलींपाशीं असा साक्षीदार नव्हता. ठराविक मुदतीनें ही चकती प्रयोगशाळेंत तापविली जाते. सांठा प्रकाशरूपानें बाहेर पडतो, त्यावरून मात्रेचा आंकडा नोंदला जातो, आणि रिकामी झालेली चकती पुनः कोणाच्या तरी छातीवर लावण्यास सिद्ध होते.