वाईट सिनेमा आपल्याला का आवडतो?

आपल्या देशात दरवर्षी शेकडो चित्रपट तयार होतात आणि त्यातले बरेचसे पुढच्या शुक्रवारपर्यंत विसरलेही जातात. पण काही चित्रपट उघडउघड कच्चे असूनही पिढ्यान्पिढ्या लोकांच्या बोलण्यात राहतात. सुट्टीत मामे-मावस भावंडं जमली की "तो लाव ना रे!" अशी फर्माईश ज्याची होते, तो चित्रपट बहुतेक वेळा पारितोषिक मिळवलेला नसतो. राक्षसाचा मुखवटा रबरी दिसतो, वटवाघूळ दोरीवर लटकतंय हे शेंबड्या पोरालाही कळतं, तरी कुणी जागचं हलत नाही. असं का होतं?

पहिली गोष्ट म्हणजे नुसतं वाईट असून भागत नाही. पैसा रग्गड, नट नामांकित, पण काम मात्र उरकून टाकलेलं, असा चित्रपट फक्त कंटाळा देतो. टिकतो तो ज्याच्या कर्त्याने जीव ओतला, पण साधनं तोकडी पडली असा चित्रपट. एड वूड या अमेरिकन दिग्दर्शकाचा 'प्लॅन नाईन फ्रॉम आऊटर स्पेस' हे त्याचं जगप्रसिद्ध उदाहरण. त्यात दिसणारे नट बेला लुगोसी १९५६ साली वारले, तेव्हा त्यांचं जेमतेम काही मिनिटांचं चित्रण हाती होतं. वूडने उरलेल्या प्रसंगांत दुसराच माणूस उभा केला आणि तो ओळखू येऊ नये म्हणून त्याला तोंडावर झगा धरून फिरायला लावलं. प्रेक्षकांनी अर्थातच ओळखलं! १९८० साली एका पुस्तकात या चित्रपटाला आजवरचा सर्वांत वाईट चित्रपट असा किताब मिळाला आणि त्यानंतर तो पाहणाऱ्यांची संख्या वाढतच गेली. १९९४ मध्ये टिम बर्टनने वूडच्या जीवनावर चित्रपट काढला, त्याला दोन ऑस्कर मिळाले.

आपल्याकडचं उदाहरण रामसे बंधूंचं. त्यांच्या वडिलांचं कराचीत रेडिओचं दुकान होतं. फाळणीनंतर कुटुंब मुंबईला आलं. १९७० साली त्यांनी काढलेला 'एक नन्ही मुन्नी लडकी थी' पडला. पण त्यात पृथ्वीराज कपूर भयंकर मुखवटा घालून चोरी करतात, त्या प्रसंगाला प्रेक्षक दचकतात हे मुलांनी थिएटरात बसून हेरलं. मग अख्खा चित्रपटच भीतीचा का करू नये, असा विचार पुढे आला आणि १९७२ मध्ये 'दो गज जमीन के नीचे' आला. चित्रण महाबळेश्वरला झालं. सातही भाऊ कामाला लागले. कुणी लिहायचं, कुणी कॅमेरा, कुणी ध्वनी, कुणी संकलन, तर तुलसी आणि श्याम दिग्दर्शन करत. एका घरगुती कारखान्याचीच ही रीत. १९८४ च्या 'पुराना मंदिर'मधला सामरी आजही लोकांना आठवतो. ती भूमिका करणारे उंचेपुरे अजय अग्रवाल शिक्षणाने इंजिनिअर होते.

दुसरं कारण आपल्या पाहण्यात आहे. उत्तम चित्रपट प्रेक्षकाकडून शांतता मागतो. कच्च्या चित्रपटात मात्र फटी राहिलेल्या असतात आणि त्या प्रेक्षक भरून काढतो. कुणी टोमणा मारतो, कुणी पुढचा संवाद आधीच म्हणतो, कुणी भुताला वाट दाखवतो. गणेशोत्सवातल्या हौशी नाटकाचा अनुभव आपल्यापैकी बहुतेकांना असेल. सुरळीत पार पडलेल्या प्रयोगापेक्षा मिशी निघालेला प्रयोगच घरोघरी जास्त वर्षं सांगितला जातो. रंगमंचावर आपलीच माणसं असतात म्हणून त्या हसण्याला डंख नसतो.

हा आपलेपणा मालेगावच्या चित्रपटांत सर्वांत ठळक दिसतो. नाशिक जिल्ह्यातलं हे यंत्रमागांचं गाव. तिथे व्हिडिओ पार्लर चालवणारे शेख नासिर यांनी 'मालेगाव के शोले' काढला, तोही सुमारे ५० हजार रुपयांत. घोडे परवडत नाहीत, म्हणून डाकू सायकलवर आले! ट्रॉली नाही म्हणून कॅमेराही सायकलवर बसला, क्रेनच्या जागी बैलगाडी आली. पुढे त्यांनी सुपरमॅनवर चित्रपट केला. त्यातले सुपरमॅन शफीक शेख हे यंत्रमागावर काम करणारे, अंगाने किडकिडीत. या चित्रपटाच्या निर्मितीवर फैजा अहमद खान यांनी 'सुपरमेन ऑफ मालेगाव' हा सुंदर माहितीपट केला. त्यानंतर काही काळातच शफीक कर्करोगाने गेले. अगदी अलीकडे रीमा कागती यांनी याच मंडळींवर 'सुपरबॉईज ऑफ मालेगाव' काढला.

तिसरं कारण भाषेचं. मालेगावच्या पात्रांना तिथल्या गल्लीतली बोली असते. मोठ्या पडद्यावर ती एरवी ऐकू येत नाही. आपल्या हैदराबादेतही २००६ साली हेच घडलं. 'द अंग्रेज' हा कमी खर्चातला चित्रपट आला आणि चारमिनारजवळ गप्पा छाटणारे इस्माईलभाई आणि सलीम फेकू घराघरांत पोचले. ज्या दख्खनी बोलीची हिंदी चित्रपटांनी तोवर बहुधा टिंगलच केली होती, ती इथे अख्खा चित्रपट पेलत होती. आपल्याला ती आणखी जवळची, कारण तिच्यातला 'नक्को' आपल्या 'नको'तून आला आहे आणि जोर देणारा 'इच' आपल्या 'च'चाच भाऊ आहे. मराठी इथे किती जुनी मुरली आहे, याचा हा चालताबोलता पुरावा.

आता थोडं गंभीर. 'वाईट पण मजेदार' म्हटलं की सगळंच माफ होतं, असं नाही. स्वस्त चित्रपटांत बायकांची विटंबना विकून गल्ला भरणारे पुष्कळ आहेत आणि रामसेंचे चित्रपटही त्या बाबतीत धुतल्या तांदळासारखे नाहीत. मुलांना दाखवण्याआधी आपण एकदा पाहून घ्यावं. दुसरं असं, की हसताना आपण नेमकं कशाला हसतोय हे तपासावं. युक्ती फसली म्हणून हसणं निराळं आणि माणूस गरीब आहे, त्याचे उच्चार 'शुद्ध' नाहीत म्हणून हसणं निराळं. पहिल्या हसण्यात आपण त्याच्या शेजारी बसलेले असतो, दुसऱ्यात त्याच्या डोक्यावर. बाहेरच्या प्रांतात चार-पाच पिढ्या काढलेल्या आपल्या घरांना हा फरक वेगळा सांगायला नको. पुण्या-मुंबईचे पाहुणे आपल्या मराठीला हसतात, ते कधी गोड वाटतं आणि कधी का बोचतं, हे आपण चांगलं ओळखतो.

म्हणून पुढच्या वेळी असा चित्रपट लावाल तेव्हा खुशाल हसा. हसून झालं की मुलांना एक प्रश्न मात्र विचारा: "घोडा नाही, क्रेन नाही, पैसे नाहीत. तुम्ही असता तर हा प्रसंग कसा केला असता?" मुलं सायकल काढतील, चादर बांधतील, मोबाईल हातात घेतील. करू द्या. आणि कपाटात मंडळाच्या जुन्या नाटकांच्या व्हिडिओ कॅसेट पडल्या असतील, तर त्यांची प्रत वेळीच करून घ्या. त्या फिती कायम टिकत नाहीत. रामसेंचे चित्रपट जपणारे रसिक पुष्कळ आहेत, पण आपल्या मिशी निघालेल्या नाटकाला आपल्याशिवाय कुणी नाही.