शिस्तभंग कारवाई आणि न्यायालयाचा अवमान

चौकशीत दोषी ठरवून बडतर्फ झालेला कर्मचारी न्यायालयातून आदेश मिळवतो, तरी व्यवस्थापन त्याला कामावर घेत नाही. अशा वेळी सहकारी एकच सल्ला देतात, ‘अवमान याचिका टाका.’ महाविद्यालयांच्या शिक्षककक्षांत हा सल्ला फार सहज दिला जातो. तो केव्हा लागू पडतो आणि केव्हा पडत नाही, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

ग्वाल्हेरच्या शासकीय कर्मचाऱ्याचा मार्ग प्रथम पाहू. मध्य प्रदेशात विभागीय चौकशी १९६६ च्या नागरी सेवा (वर्गीकरण, नियंत्रण व अपील) नियमांनुसार होते. मोठ्या शिक्षेसाठीची कार्यपद्धती नियम १४ मध्ये, तर निलंबनाची तरतूद नियम ९ मध्ये आहे. १९५६ मध्ये उच्च न्यायालयाचे मुख्य पीठ जबलपूरला झाले. ग्वाल्हेरला खंडपीठ राहिले. राज्याचे प्रशासकीय न्यायाधिकरण बंद झाल्याने येथील कर्मचारी अनुच्छेद २२६ खाली थेट याच खंडपीठाकडे जातो. महाराष्ट्रात मात्र प्रशासकीय न्यायाधिकरण आहे, आणि १९८५ च्या कायद्याच्या कलम १७ ने अवमानाचे अधिकारही त्यालाच दिले आहेत.

न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम २(ख) मध्ये दिवाणी अवमानाची व्याख्या आहे. तीत ‘हेतुपुरस्सर’ हा शब्द महत्त्वाचा. विलंब, टाळाटाळ किंवा आदेशाचा वेगळा अर्थ लावणे एवढ्याने अवमान सिद्ध होत नाही. कलम १२ खाली कमाल शिक्षा सहा महिन्यांचा साधा कारावास वा दोन हजार रुपये दंड, अथवा दोन्ही. शिवाय न्यायालयाचे समाधान झाल्यास माफीनाम्यावर सुटका होऊ शकते. आणि शिक्षा झाली तरी अर्जदाराचे मागील वेतन तिच्यातून आपोआप निघत नाही!

शिस्तभंगाच्या प्रकरणांत खरी अडचण येते ती पुढे. समजा, चौकशी अहवालाची प्रत दिली नाही म्हणून बडतर्फी रद्द झाली. सर्वोच्च न्यायालयाने १९९३ मध्ये इलेक्ट्रॉनिक्स कॉर्पोरेशन ऑफ इंडिया विरुद्ध करुणाकर या खटल्यात सांगितले की, अशा वेळी पुनर्स्थापना ही केवळ चौकशी पुढे चालवण्यापुरती असते. व्यवस्थापन कर्मचाऱ्याला निलंबित ठेवून अहवालाची प्रत देण्याच्या टप्प्यापासून चौकशी पुढे नेऊ शकते. कर्मचाऱ्याला हा उद्धटपणा वाटतो, पण आदेशाने चौकशीची मुभा ठेवली असेल तर तो अवमान नव्हे. म्हणून आदेशाचा शेवटचा परिच्छेद नीट वाचावा: ‘सेवेत घ्या’ म्हटले आहे, की ‘पुन्हा विचार करा’?

‘विचार करा’ असा आदेश असेल आणि अधिकाऱ्याने विचार करून पुन्हा नकार दिला, तर? १९९६ च्या परिहार खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, न्यायालयाच्या निर्देशानुसार काढलेला नवा आदेश चुकीचा असला तरी त्याने नवे वादकारण निर्माण होते. त्याला नव्या याचिकेनेच आव्हान द्यावे लागते. २००६ मध्ये मिदनापूर पीपल्स को-ऑपरेटिव्ह बँकेच्या खटल्यात, जो एका कर्मचाऱ्यावरील शिस्तभंग कारवाईतूनच निघाला होता, त्याच न्यायालयाने आणखी एक मर्यादा सांगितली. अवमानाच्या कार्यवाहीत मूळ वादाच्या गुणदोषांवर निर्णय देता येत नाही.

व्यवस्थापनांचाही एक गैरसमज आहे. अपील दाखल केले म्हणजे मूळ आदेश थांबला, असे नाही. स्थगिती मिळवावी लागते. फक्त, स्थगितीचा अर्ज प्रलंबित असेल तर अवमानावर पुढे जाण्यापूर्वी तो अर्ज निकाली काढणे इष्ट, असे १९९५ मध्ये मॉडर्न फूड इंडस्ट्रीजच्या खटल्यात म्हटले आहे.

अल्पसंख्याक संस्थांचे संचालक कधीकधी अनुच्छेद ३० कडे बोट दाखवतात. परंतु टी.एम.ए. पै खटल्यातील अकरा न्यायाधीशांच्या पीठाने २००२ मध्येच कर्मचाऱ्यांच्या गाऱ्हाण्यांसाठी न्यायाधिकरण असावे असे सांगितले. आदेशाचे पालन करण्यातून अल्पसंख्याक दर्जा कोणालाही सूट देत नाही.

शेवटी मुदतीचा मुद्दा, कारण बहुतेक अर्ज येथेच बुडतात. कलम २० नुसार अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत अर्ज दाखल व्हावा लागतो. २००१ च्या पल्लव शेठ खटल्यानुसार वर्षाच्या आत अर्ज दाखल झाला असेल, तर न्यायालयाने नोटीस नंतर काढली तरी चालते. आदेशात पालनाची मुदत असेल तर ती संपल्याची तारीख नोंदवून ठेवावी, आणि आदेशाची प्रमाणित प्रत अधिकाऱ्याला पोच घेऊन द्यावी. पोच नसेल तर ‘आदेश माहीतच नव्हता’ असे उत्तर दिले जाऊ शकते.