शॅम्पेनची हद्द कोणी आखली?

नाशिक जिल्ह्यात दिंडोरीला ‘शाँदों’ ही फेसाळ वाइन तयार होते. जगप्रसिद्ध ‘मोएत ए शाँदों’ शॅम्पेन ज्या फ्रेंच उद्योगसमूहाची, त्याचीच ही वाइन. बाटलीतच दुसऱ्यांदा आंबवण्याची पद्धतही तीच. तरी दिंडोरीच्या बाटलीवर ‘शॅम्पेन’ हा शब्द येत नाही. शॅम्पेन हे आधी एका प्रदेशाचं नाव आहे आणि त्या प्रदेशाच्या हद्दी कायद्याने ठरलेल्या आहेत. भारतातही ‘शॅम्पेन’ हे भौगोलिक मानांकन म्हणून नोंदलेलं आहे. नारायणगावच्या एका कंपनीने 1980च्या दशकात फ्रेंच तंत्रज्ञांच्या मदतीने फेसाळ वाइन बनवून परदेशात पाठवली, तेव्हा कंपनीच्या नावातच ‘शॅम्पेन’ होतं. पुढे ते गळालं.

हा प्रदेश पॅरिसच्या पूर्वेला सुमारे दीडशे किलोमीटरवर आहे. रँस आणि एपर्ने ही त्याची दोन मुख्य शहरं. मार्न, ओब, एन हे प्रमुख जिल्हे, शिवाय शेजारच्या दोन जिल्ह्यांतली थोडी गावं, असं मिळून तीनशेहून अधिक गावांत साधारण 34,000 हेक्टरवर द्राक्षबागा आहेत. गाव यादीत असलं म्हणजे त्याचं सगळं शिवार आत आलं, असंही नाही. कोणता तुकडा आत आणि कोणता बाहेर, हे गटागटाने ठरलेलं असतं. बांधाच्या अलीकडे शॅम्पेनची द्राक्षं आणि पलीकडे गहू किंवा बीट, हे तिथलं नेहमीचं दृश्य.

असं का, असं विचारलं की पहिलं उत्तर मिळतं ते जमिनीचं. ते खोटं नाही. 49 अक्षांशाच्या आसपास, सरासरी तापमान जेमतेम 11 अंश, म्हणजे द्राक्षं पिकण्याच्या जवळजवळ उत्तर सीमेवर हा प्रदेश आहे. त्यामुळे फळात आंबटपणा टिकतो आणि फेसाळ वाइनला नेमका तोच लागतो. रँस आणि एपर्नेच्या परिसरात जमिनीखाली पांढऱ्या खडूचे जाड थर आहेत. एक घनमीटर खडू 300 ते 400 लिटर पाणी धरून ठेवतो. उन्हाळ्यात वेल त्यातून पाणी ओढते आणि पावसाळी वर्षात मुळांशी पाणी साचत नाही. याच खडूत खोदलेल्या थंड तळघरांत बाटल्या वर्षानुवर्षं पडून असतात. युनेस्कोने 2015मध्ये इथले डोंगरउतार, तळघरं आणि व्यापारी पेढ्या जागतिक वारशात घेतल्या, त्यात या खडूचा वाटा मोठा.

पर्यटकांना सहसा इथवरच सांगतात. पुढचा भाग मला जास्त महत्त्वाचा वाटतो, कारण हद्द केवळ खडू पाहून आखली असती तर आजचा नकाशा असा दिसलाच नसता.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इथले द्राक्ष उत्पादक हवालदिल होते. फायलोक्सेरा या मुळं पोखरणाऱ्या किडीने बागा बसत चालल्या होत्या, त्यात ओळीने वाईट हंगाम आले. पुढे 1910चं पीक तर जवळपास हातचं गेलं. याच काळात काही व्यापारी लुआर खोऱ्यातून आणि दक्षिणेतून स्वस्त माल आणून त्यावर शॅम्पेनचं लेबल लावत होते. म्हणून मागणी झाली की आधी हद्द ठरवा. 17 डिसेंबर 1908च्या आदेशाने ती ठरली : मार्न जिल्हा आत, एनमधली काही गावं आत आणि दक्षिणेचा ओब जिल्हा पूर्णपणे बाहेर.

ओबच्या लोकांना हा घाव जिव्हारी लागला. शॅम्पेन प्रांतावर राज्य करणाऱ्या सरदार घराण्याची जुनी राजधानी त्रुआ, आणि ती ओबमध्ये. आम्ही शॅम्पेनचे नाही तर कोण, हा त्यांचा सवाल होता. मार्नवाल्यांचं उत्तरही निरुत्तर करणारं होतं : तुमची जमीन आमच्यासारखी नाही. खरोखरच ओबच्या बहुतेक द्राक्षपट्ट्यात खडू नाही, किमरिजियन काळातली चुनखडीमिश्रित चिकणमाती आहे. तिचं नातं रँसपेक्षा शेजारच्या शाब्ली या वाइनच्या प्रदेशाशी जवळचं. भूगर्भ मार्नच्या बाजूने आणि इतिहास ओबच्या बाजूने, असा तो पेच होता. दोघंही खरं बोलत होते, म्हणूनच तो मिटत नव्हता.

जानेवारी 1911मध्ये मार्नमधल्या शेतकऱ्यांनी बाहेरून आलेला माल अडवून थेट नदीत ओतला. फेब्रुवारीत सरकारने हद्दीचा कायदा कडक केला, तेव्हा ओब पेटला. एप्रिलमध्ये त्रुआच्या रस्त्यांवर हजारो लोक उतरले. घाबरलेल्या सिनेटने हद्दच रद्द करण्याच्या बाजूने मत दिलं. ते कळताच मार्नमध्ये वणवा पेटला. 12 एप्रिलला आइ गावात व्यापाऱ्यांची घरं आणि कोठारं जळाली, बाटल्यांचा चुराडा झाला, सैन्य बोलवावं लागलं. जूनमध्ये सरकारने मधला रस्ता काढला : ओबची वाइन ‘शॅम्पेन, दुय्यम विभाग’ या नावाने विकावी. मला विचाराल तर ही तडजोड नव्हती, अपमान होता, तोही लेबलवर छापलेला. त्यानंतर महायुद्ध आलं आणि रँसजवळच्या बागांतूनच खंदक खणले गेले.

निकाल लागला तो 22 जुलै 1927च्या कायद्याने. ‘दुय्यम’ हा शिक्का गेला, ओब सन्मानाने आत आला. सोबत एक अट आली : ज्या जमिनीवर पूर्वी द्राक्षबाग होती, तीच पात्र. अट वाजवी वाटते, पण त्या वर्षांत द्राक्ष म्हणजे तोट्याचा धंदा होता. ज्यांनी वेली उपटून धान्य लावलं होतं आणि आपला हक्क सांगायची तसदी घेतली नाही, ती शिवारं बाहेर राहिली. आज मार्नमध्ये हद्दीतल्या बागेचा भाव हेक्टरी दहा लाख युरोंच्या घरात आहे आणि शेजारच्या साध्या शेतजमिनीचा काही हजार. आजोबांच्या आळसाची किंमत नातवंडं मोजतात.

म्हणून 2003पासून हद्दीची फेरतपासणी सुरू झाली. 2008च्या प्रस्तावात सुमारे चाळीस नवी गावं आत घ्यायची आणि दोन बाहेर काढायची असं ठरलं. त्यानंतर गटागटाची छाननी, हरकती, सुनावण्या. हे काम दशकं चालतं, आणि एवढा पैसा पणाला लागलेला असताना ते संथ चालतं हेच बरं. स्वित्झर्लंडमध्येही शॅम्पेन नावाचं एक छोटं गाव आहे. तिथल्या शेतकऱ्यांना मात्र दाद मिळाली नाही. युरोपीय संघाशी झालेल्या करारानंतर 2004पासून त्यांना स्वतःच्याच गावाचं नाव आपल्या वाइनवर लावता येत नाही.

आपल्याकडे हापूसचं भौगोलिक मानांकन 2018मध्ये कोकणातल्या पाच जिल्ह्यांना एकत्रितपणे मिळालं. त्याआधी देवगड आणि रत्नागिरी यांचे स्वतंत्र दावे होते. ‘नाशिक व्हॅली वाइन’लाही मानांकन आहे. पण आपल्याकडच्या हद्दी सहसा जिल्ह्यांच्या नावांनी सांगितल्या जातात. गटागटाने, मातीच्या थरांपर्यंत जाऊन केलेली आखणी क्वचितच दिसते. ते काम कटकटीचं आहे, वाद ओढवून घेणारं आहे, तरी हापूस आणि नाशिकच्या बागायतदारांनी ते स्वतः मागून घ्यावं असं वाटतं. जिल्ह्याच्या नावावर शेजारचा माल सहज खपतो, गट नंबरवर तो खपवणं कठीण.

शॅम्पेनच्या एकूण बागांपैकी जवळपास पाव हिस्सा आज ओबमध्ये आहे.