गोड्या ओढ्याचं खारं सरोवर

बुलढाणा जिल्ह्यातल्या लोणार गावातून विवराकडे निघालं की वाटेत धारेचं देऊळ लागतं. गोमुखातून पाण्याची धार ऐन उन्हाळ्यातही कुंडात पडत असते. भाविक अंगावर धार घेतात, लोटा भरतात आणि पुढे जातात. कुंडातून निसटलेलं पाणी मात्र लगेच घळीत उतरतं आणि सुमारे किलोमीटरभरातच खालच्या सरोवराला मिळतं. या ओढ्याचा प्रवास एवढाच. उगम, दरी, गाळाचं मैदान आणि मुख हे मोठ्या नदीच्या भूगोलातलं सगळं इथे एका सकाळी पायी पाहून होतं.

फक्त या ओढ्याला पुढे वाट नाही. लोणारच्या उत्तरेला मेहकरजवळून पैनगंगा जाते, दक्षिणेला पूर्णा. या दोन नद्या सरोवराला येऊन मिळतात असं काही ठिकाणी लिहिलेलं आढळतं, पण तसं अजिबात नाही. दोघींचंही पाणी शेवटी गोदावरीतून बंगालच्या उपसागरात जातं. लोणारच्या आसपास कुठल्याही शेतात पडलेला पाऊस याच वाटेला लागतो. अपवाद एकच, विवराच्या आत पडलेला पाऊस आणि तिथे उतरणारे झरे.

उल्का आदळून झालेलं हे विवर सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचं आहे. आघातानं उडालेला दगडचुरा भोवती पडला आणि परातीसारखा उचललेला काठ तयार झाला. त्यामुळे काठाबाहेरचं पाणी बाहेरच्या बाहेर निघून जातं. काठापासून सरोवराच्या पातळीपर्यंतची उतरण सुमारे १३० मीटर आहे.

मग बाराही महिने वाहणारं धारेचं पाणी येतं कुठून? त्याचं उत्तर दख्खनच्या दगडात आहे. विवराच्या भिंतीत बेसॉल्टचे थर एकावर एक रचलेले दिसतात. प्रत्येक थर म्हणजे लाव्हाचा एक लोट. थराचा मधला भाग बहुधा घट्ट असतो. वरचा भाग बुडबुड्यांच्या पोकळ्यांनी आणि भेगांनी भरलेला, झिजून ठिसूळ झालेला. दोन थरांमध्ये कुठे कुठे लाल मातीचा पट्टाही असतो. पठारावर मुरलेला पाऊस भेगांतून खाली झिरपतो, घट्ट थरावर अडतो आणि आडवा सरकू लागतो. डोंगरउतारानं किंवा घळीनं तो थर जिथे कापला जातो, तिथे पाणी उघड्यावर येतं. सह्याद्रीतल्या कित्येक गावांचे झरे आणि गडांवरची टाकी याच हिशेबावर चालतात.

विवराचा काठ जवळजवळ सलग आहे. त्याला सर्वांत मोठी फट पडली आहे ती ईशान्येला, धारेच्या घळीची. ती पाण्यानंच पाडली. ओढा तळ खोदतो, त्याचबरोबर उगमाकडचा कडा कोरत मागे मागे सरकतो. कामाला वेळही भरपूर मिळाला. विवराचं वय पूर्वी ५० हजार वर्षांच्या आसपास मानलं जाई. २०११ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आर्गॉन कालमापनानं ते सुमारे ५ लाख ७० हजार वर्षांवर नेलं.

घळीतून सुटल्यावर उतार एकदम मंदावतो. पाण्याचा जोर ओसरतो आणि आणलेलं ओझं ते टाकू लागतं. आधी धोंडे आणि गोटे, मग वाळू, सरोवराजवळ बारीक गाळ. अशा रीतीनं घळीच्या तोंडाशी पंख्याच्या आकाराचं मैदान तयार झालं आहे. त्या सुपीक गाळावर आणि गोड्या पाण्यावर पूर्वी शेतीही होत असे. तिथून काही पावलांवर काठाची माती पांढुरकी होते, पायाखाली खाराचा पापुद्रा मोडतो.

आता खरा प्रश्न. ओढा गोडा, मग सरोवर खारं कसं? तर ते गोड्या पाण्यामुळेच खारं झालं. कुठलंही झऱ्याचं पाणी निव्वळ पाणी नसतं. दगडाची झीज होताना सोडियम, कॅल्शियम, मॅग्नेशियम अगदी थोड्या प्रमाणात त्यात विरघळतात, सोबत बायकार्बोनेट असतं. पैनगंगेला मिळणारे ओढेही हेच घेऊन जातात, पण तो माल समुद्रात जमा होतो. विवरातलं पाणी उन्हानं उडून जातं आणि क्षार मागे राहतात. कॅल्शियम आणि मॅग्नेशियम चुनखडीसारख्या रूपात लवकर तळाशी बसतात. सोडियम पाण्यात साठत जातो. त्यातून हे सोड्याचं सरोवर झालं, सामू १०च्या आसपास असलेलं. त्यात मासळी नव्हे, तर स्पिरुलिनासारखे सूक्ष्मजीव फोफावतात आणि पाणी हिरवं दिसतं. जून २०२० मध्ये ते गुलाबी झालं, तेव्हा पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेनं क्षारप्रिय सूक्ष्मजीवांकडे बोट दाखवलं होतं. पाणी आटलं, खारटपणा वाढला आणि ते माजले. एके काळी इथला खार काढून विकला जाई. दल्ला, खुप्पल, पापडी, भुस्की अशी त्याच्या प्रतींची नावं होती.

पाणी क्षार ठेवून जातं, तसा गाळही. १९७०च्या दशकात विवराच्या तळाशी छिद्रं घेतली, तेव्हा आघातानं चुरडलेल्या खडकावर सुमारे १०० मीटर गाळ आढळला. पुढच्या अभ्यासात त्याच्या वरच्या १० मीटरांत ११ हजार वर्षांच्या पावसाची नोंद मिळाली. काही थरांत गेल्युसाइट या खनिजाचे स्फटिक आहेत. सोडियम-कॅल्शियम कार्बोनेटचे हे स्फटिक पाणी फार आटलं तरच तयार होतात. त्यांवरून पाऊस दीर्घकाळ मंदावल्याचे दोन कालखंड ओळखता आले: सुमारे ४,६०० ते ३,९०० आणि २,००० ते ६०० वर्षांपूर्वीचे.

नोव्हेंबर २०२० मध्ये लोणार महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या रामसर यादीत गेलं. पर्यटकांचं लक्ष सरोवराच्या रंगाकडे असतं. अभ्यासकानं बघायचं ते वरून येणाऱ्या पाण्याकडे. गोडं पाणी वाढलं तर खारटपणा उतरतो आणि इथले खास जीव मागे हटतात. सांडपाणी मिसळलं तर नायट्रोजन आणि फॉस्फरस येतात. इतर गावांच्या ओढ्यात सोडलेली घाण पावसाळ्यात खालच्या गावाच्या माथी जाते. लोणारला खालचं गावच नाही. त्यामुळे इथे राखण करायची तर ती सरोवराच्या काठावर करून भागणार नाही. गावाच्या गटारापासून आणि धारेच्या उगमापासूनच सुरुवात करावी लागेल.