हैदर अली, रणजित आणि उस्ताद जौक

शाळेच्या स्नेहसंमेलनात नाटक बसवायचे ठरले की काय होते, ते तुम्हांला माहीत आहे. नायकाच्या भूमिकेसाठी दहा हात वर होतात. खलनायकासाठीही तीन-चार मुले तयार असतात. पण पोस्टमन, शेजारी, हवालदार किंवा मुलीचा मामा व्हायला कोणी लवकर उठत नाही. मग शिक्षकच एखाद्याला पकडून उभे करतात. तो मुलगाही 'एकदाचे संपू दे' अशा चेहऱ्याने आपली चार वाक्ये म्हणून मोकळा होतो.

नाटक-सिनेमात अशा भूमिका मन लावून करणाऱ्या नटाला 'चरित्र अभिनेता' म्हणतात. 'चरित्र' म्हणजे माणसाचे वागणे, त्याचा स्वभाव. हा नट गाणी म्हणत नाही, शेवटच्या मारामारीत जिंकत नाही. त्याने एक माणूस उभा करायचा असतो, आणि तोही थोड्या वेळात. असे अनेक कलावंत महाराष्ट्राने दिले. त्यांपैकी एक शफी इनामदार.

त्यांचा जन्म २३ ऑक्टोबर १९४५ रोजी रत्नागिरी जिल्ह्यातील दापोली तालुक्यात, पांगारी या गावी झाला. 'इनामदार' हे आडनाव तुम्ही ऐकले असेल. पूर्वी राजे लोक कोणाला त्याच्या कामगिरीबद्दल जमीन इनाम देत. ती ज्याच्याकडे असे तो इनामदार. म्हणूनच हे आडनाव महाराष्ट्रात हिंदूंतही आढळते आणि मुसलमानांतही. कोकणातल्या मुस्लिम घरांतली बोली मराठीला अगदी जवळची आहे. आपल्या भिवंडीतल्या कोकणी घरांतली मुले हे चांगले जाणतात.

मुंबईच्या रंगभूमीवर त्या काळी एक मौज होती. गुजराती, मराठी, हिंदी आणि इंग्रजी अशी चार भाषांची नाटके एकाच शहरात चालत. शफी इनामदार या गर्दीत शिरले. प्रवीण जोशी हे गुजराती रंगभूमीचे मोठे दिग्दर्शक. त्यांच्या हाताखाली त्यांनी नाटकाचे धडे घेतले. गुजराती, हिंदी आणि मराठी या तिन्ही भाषांतून त्यांनी एकांकिका केल्या. तुमच्या उर्दूच्या पुस्तकात ज्यांचे नाव येते त्या इस्मत चुगताई यांचे 'नीला कमरा' हे नाटक त्यांनी हिंदी रंगभूमीवर आणले. १९८२ मध्ये 'हम प्रॉडक्शन्स' ही स्वतःची नाट्यसंस्थाही काढली.

रंगमंचावर नटाचा आवाज शेवटच्या रांगेतल्या माणसापर्यंत गेला पाहिजे. हातवारेही थोडे मोठे लागतात. कॅमेऱ्यापुढे याच्या उलट असते. कॅमेरा चेहऱ्याच्या इतका जवळ येतो की पापणी जरा जास्त हलली तरी ती खोटी वाटते. पुष्कळ चांगले नट सिनेमात आरडाओरडा करतात, त्याचे कारण हेच. रंगमंच त्यांच्या अंगातून गेलेला नसतो. शफी इनामदारांचे तसे झाले नाही.

१९८३ साली गोविंद निहलानी यांचा 'अर्धसत्य' हा चित्रपट आला. मूळ कथा श्री. दा. पानवलकरांची आणि पटकथा विजय तेंडुलकरांची; दोघेही मराठी लेखक. अनंत वेलणकर हा तरुण फौजदार प्रामाणिक आहे, पण रागीट आहे. ही भूमिका ओम पुरींनी केली. रामा शेट्टी हा गुंड सदाशिव अमरापूरकरांनी रंगवला. लोक या दोघांविषयी फार बोलतात, आणि ते योग्यच आहे. पण वेलणकरचा वरिष्ठ इन्स्पेक्टर हैदर अली आठवून पाहा. तो वेलणकरवर माया करतो. संतापाच्या भरात वेलणकर अडचणीत येतो तेव्हा हैदर अली वरच्या वर्तुळातली ओळख लावून त्याला वाचवतो. म्हणजे मित्राला मदत तर झाली, पण वाकड्या वाटेने. हा माणूस चांगला की वाईट? मी वर्गात हा प्रश्न विचारला तर दोन गट पडतील. शफी इनामदारांनी उत्तर दिलेले नाही. त्यांनी फक्त व्यवहार जाणणारा, थोडा थकलेला, शांत आवाजाचा एक अधिकारी दाखवला.

आणखी एक गोष्ट इथे सांगण्याजोगी आहे. त्या काळच्या हिंदी सिनेमातला मुसलमान बहुधा नवाब असे, नाहीतर कव्वाल, किंवा नायकासाठी जीव देणारा म्हातारा चाचा. हैदर अली यांपैकी कोणीच नाही. तो शेर म्हणत नाही. तो मुंबईचा पोलीस आहे, एवढेच. मला स्वतःला ही भूमिका त्यांच्या सर्व भूमिकांत श्रेष्ठ वाटते.

पुढच्याच वर्षी, १९८४ मध्ये, दूरदर्शनवर 'ये जो है जिंदगी' ही विनोदी मालिका सुरू झाली. तेव्हा आजच्यासारख्या शेकडो वाहिन्या नव्हत्या. साऱ्या देशाने एकच कार्यक्रम पाहायचा. कालचा इन्स्पेक्टर आता रणजित वर्मा झाला : मध्यमवर्गीय, नोकरदार नवरा. पत्नी रेणूच्या भूमिकेत स्वरूप संपत आणि मेहुणा राजा म्हणजे राकेश बेदी. सतीश शाह मात्र दर भागात नवे पात्र होऊन येत. सगळे हसू त्यांच्यावर फुटे. पण मागावरचे कापड आठवा. धोटा इकडून तिकडे धावतो आणि आपले लक्ष त्याच्याकडेच जाते. ताणा मात्र जागेवर घट्ट ताणलेला असतो. तो ढिला पडला तर कापड होणार नाही. रणजित हा त्या घरातला ताणा होता. समोरचा वेडेपणा करीत असताना आपण शहाणे राहून, चिडून, गोंधळून प्रेक्षकाला हसवायचे, हे काम दिसते त्याहून कठीण आहे.

मग १९८८ मध्ये गुलजार यांची 'मिर्झा गालिब' ही मालिका आली आणि शफी इनामदार झाले शेख इब्राहिम जौक. गालिब आणि जौक तुम्हांला मी काय सांगणार! जौक हे बहादूरशाह जफरचे उस्ताद. १८५४ मध्ये त्यांचे निधन झाल्यावर ते स्थान गालिबकडे आले. मालिका गालिबची, नायक नसीरुद्दीन शाह. प्रेक्षक आधीच गालिबच्या बाजूने बसलेला. अशा वेळी जौकला हलका, मत्सरी माणूस करून टाकणे फार सोपे होते. पण जौक हलका झाला तर त्याच्याशी स्पर्धा करणारा गालिबही लहान होतो. शफी इनामदारांनी जौकचा आब राखला. दरबारी पोशाखातला तो माणूस आपली विद्या जाणणारा उस्ताद वाटतो.

याच मालिकेत बादशहा जफर झाले होते सुधीर दळवी, ज्यांनी १९७७ च्या 'शिर्डी के साईबाबा' या चित्रपटात साईबाबांची भूमिका केली. उमराव बेगम होत्या तन्वी आझमी. त्या मराठी अभिनेत्री उषा किरण यांच्या कन्या. दिल्लीच्या उर्दूचे ते घर आणि तो दरबार उभा करायला मराठी घरांतली माणसे आली होती. 'ळ' म्हणताना जीभ अडते म्हणून मराठीच्या तासाला मान खाली घालणाऱ्यांनी या लोकांनी 'ख' आणि 'ग' चे उर्दू उच्चार कसे घोटले असतील, याचा विचार करावा.

उच्चारांवरून आठवले. शफी इनामदारांच्या पत्नी भक्ती बर्वे या मराठी रंगभूमीवरच्या मोठ्या अभिनेत्री. पु. ल. देशपांडे यांनी बर्नार्ड शॉच्या 'पिग्मॅलियन'वरून 'ती फुलराणी' हे नाटक लिहिले. ते १९७५ साली रंगभूमीवर आले. फुले विकणाऱ्या अडाणी मंजुळेला एक प्राध्यापक शुद्ध बोलायला शिकवतो, अशी ती गोष्ट. मंजुळेच्या भूमिकेने भक्ती बर्वे घरोघर पोचल्या.

१९९५ मध्ये शफी इनामदारांनी 'हम दोनों' हा चित्रपट दिग्दर्शित केला. त्यात ऋषी कपूर, नाना पाटेकर आणि पूजा भट्ट होते. दिग्दर्शक म्हणून पुढे काय केले असते, ते पाहायला मिळाले नाही. १३ मार्च १९९६ रोजी कोलकात्यात भारत आणि श्रीलंका यांच्यात विश्वचषकाचा उपांत्य सामना होता. तो दूरचित्रवाणीवर पाहत असताना हृदयविकाराच्या झटक्याने त्यांचे निधन झाले. वय अवघे पन्नास. भक्ती बर्वे यांचाही १२ फेब्रुवारी २००१ रोजी मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावर मोटार अपघातात अंत झाला.

'मिर्झा गालिब' आजही पाहायला मिळते. पाहाल तेव्हा जौक बोलत नसतात, नुसते ऐकत असतात, ते प्रसंग सोडू नका.